शेजारच्या टेबलाचा पगार

‘मला पगार पुरत नाही’ अशी तक्रार घेऊन सरकारी नोकर सहसा कोर्टाची पायरी चढत नाही. त्याची तक्रार असते, ‘त्याला मिळतो तेवढा मला मिळत नाही.’ हा ‘तो’ कधी शेजारच्या टेबलावर बसलेला असतो, कधी दुसऱ्या खात्यात, कधी दिल्लीत, तर कधी महिनाभर आधी किंवा नंतर निवृत्त झालेला असतो. वेतनश्रेणीच्या खटल्यात दोन माणसं लागतातच, एक कमी मिळणारा आणि एक जास्त मिळणारा. दुसरा दाखवता आला नाही तर खटला उभाच राहत नाही.

यामागचं कारण साधं आहे. एखाद्या कामाचं मोल किती, हे सांगायला न्यायाधीशाकडे कुठलंही माप नाही. तलाठ्याच्या कामाला महिन्याला किती रुपये योग्य आणि परिचारिकेच्या कामाला किती, हे राज्यघटनेत लिहिलेलं नाही. पण सरकारने दोन माणसांत फरक केला, तर तो का केला असं विचारण्याचा अधिकार राज्यघटनेने न्यायालयाला दिला आहे. गेल्या सत्तर वर्षांतले वेतनाचे गाजलेले खटले ओळीने वाचले की एक गोष्ट पुन्हा पुन्हा दिसते. जिथे कर्मचाऱ्याने न्यायालयापुढे ‘का?’ एवढाच प्रश्न ठेवला, तिथे तो बऱ्याचदा जिंकला. जिथे त्याने ‘किती?’ हे न्यायालयालाच ठरवायला सांगितलं, तिथे तो बहुतेकदा हरला.

आकड्यांची शिडी

तिसऱ्या केंद्रीय वेतन आयोगानंतर कनिष्ठ लिपिकाची वेतनश्रेणी अशी लिहिली जायची: २६०-६-२९०-ईबी-६-३२६-८-३६६-ईबी-८-३९०-१०-४००. लिपिक २६० रुपये मूळ वेतनावर लागला की दरवर्षी सहा रुपयांची वेतनवाढ, २९० ला पोचल्यावर पहिला ‘ईबी’, म्हणजे एफिशियन्सी बार. त्या टप्प्यावर काम समाधानकारक असल्याचा शेरा साहेबाने दिला तरच पुढची वाढ सुटायची. मग पुन्हा सहा-सहा रुपये, मग आठ-आठ, पुन्हा एक बार, आणि शेवटी दहाची एक वाढ. वीस वेतनवाढी म्हणजे वीस वर्षं, आणि वाटचाल २६० पासून ४०० पर्यंत.

या आकड्यांत पैसा तर होताच, शिवाय दर्जाही होता. कोणाची श्रेणी कोणाच्या वर, कोणाच्या श्रेणीतून कोणाच्या श्रेणीत बढती, कोणत्या वर्गाचा प्रवासभत्ता, कोणत्या प्रकारचं सरकारी घर, हे सगळं त्या आकड्यांवरून ठरायचं. म्हणून श्रेणीतला पन्नास रुपयांचा फरकही माणसाला झोंबतो. प्रश्न पन्नास रुपयांचा असतो त्याहून जास्त पायरीचा असतो.

केंद्रात या पायऱ्या ठरवण्याचं काम वेतन आयोग करतो. पहिला आयोग १९४६ मध्ये श्रीनिवास वरदाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली नेमला गेला. सहाव्या आयोगाचे अध्यक्ष मुंबई उच्च न्यायालयातून पुढे गेलेले न्यायमूर्ती बी. एन. श्रीकृष्ण होते, सातव्याचे न्यायमूर्ती अशोककुमार माथुर, आणि आता आठव्या आयोगाची सूत्रं न्यायमूर्ती रंजना प्रकाश देसाई यांच्याकडे आहेत. आयोग शिफारस करतो, सरकार ती पूर्ण, अर्धी किंवा फेरफार करून स्वीकारतं. महाराष्ट्रात केंद्राचा निर्णय झाला की राज्य आपली समिती नेमतं. सहाव्या आयोगाच्या वेळी हकीम समिती होती, सातव्याच्या वेळी बक्षी समिती. त्यातून १ जानेवारी २०१६ पासूनचे सुधारित वेतनस्तर आले. आज मंत्रालयातला किंवा तहसील कार्यालयातला लिपिक आपली ओळख ‘एस-६, १९,९००-६३,२००’ अशी सांगतो.

प्रत्येक आयोगामागून खटल्यांची एक लाट येते. आयोगाला पायऱ्या कमी करायच्या असतात, आणि पायरी कमी करायची म्हणजे वरच्या-खालच्या दोघांना एका ठिकाणी आणायचं. पाचव्या आयोगाने ५१ श्रेणी ३४ वर आणल्या. सहाव्याने चार वेतनपट्टे आणि त्यांवर ग्रेड वेतन अशी नवी रचना केली. तिच्यात ५०००-८०००, ५५००-९००० आणि ६५००-१०५०० या तीन जुन्या श्रेणी एकाच ४,२०० च्या ग्रेड वेतनात आल्या. वर्षानुवर्षं वाट पाहून ५००० च्या श्रेणीतून ५५०० च्या श्रेणीत बढती मिळवलेल्या माणसाला एका सकाळी कळलं, की काल रुजू झालेला कनिष्ठ आणि आपण एकाच पायरीवर आहोत. २००९ मध्ये सरकारने ६५०० च्या श्रेणीला ४,६०० चं ग्रेड वेतन देऊन त्यातला एक गुंता सोडवला. बाकीचे गुंते वेतनत्रुटी समित्यांकडे गेले, आणि तिथून न्यायाधिकरणांकडे.

दोन मालक, दोन तिजोऱ्या

राज्य सरकारच्या कर्मचाऱ्याला सगळ्यात जवळचा ‘दुसरा माणूस’ वाटतो तो केंद्राचा कर्मचारी. एकाच गावात, एकाच रस्त्यावर दोन कार्यालयं असतात आणि दोन्हीकडे सारखाच लिपिक बसतो, पण महागाई भत्ता वेगळा. हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात फार लवकर, १९५४ मध्येच पोचला. जुन्या मध्य प्रदेशातल्या एका कर्मचाऱ्याने केंद्राच्या दराने महागाई भत्ता मागितला होता. त्या राज्याची राजधानी तेव्हा नागपूर होती. ‘मध्य प्रदेश विरुद्ध मंडावार’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या निकालात न्यायालयाने मागणी फेटाळली. एका सरकारचा नियम दुसऱ्या सरकारच्या नियमाशी ताडून पाहायचा आणि त्यात विषमता शोधायची, ही समानतेच्या अनुच्छेद १४ ची रीत नाही, असं न्यायालयाने सांगितलं. दोन मालक असले की तुलना संपली.

त्यामुळे हे भांडण पुढे महाराष्ट्रात रस्त्यावर लढलं गेलं. १९७७-७८ चा राज्य कर्मचाऱ्यांचा ५४ दिवसांचा संप आजही निवृत्तांच्या बोलण्यात येतो. र. ग. कर्णिक यांच्या नेतृत्वाखालच्या त्या लढ्यात केंद्राप्रमाणे महागाई भत्ता ही मुख्य मागणी होती. जे न्यायालय देऊ शकत नव्हतं ते संघटनेच्या जोरावर मागावं लागलं.

मालक एकच असेल तर? त्यालाही पहिलं उत्तर ‘नाही’ हेच मिळालं. साठच्या दशकाच्या आरंभी प्राप्तिकर खात्यातल्या दुसऱ्या वर्गाच्या अधिकाऱ्यांच्या वतीने तक्रार आली: काम तेच, अधिकार तेच, तरी पहिल्या वर्गाच्या अधिकाऱ्यांचा पगार जास्त. ‘किशोरी मोहनलाल बक्षी’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की समान कामाला समान वेतन हे अमूर्त तत्त्व आहे आणि त्याचा अनुच्छेद १४ शी काही संबंध नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३९(घ) मध्ये ते तत्त्व आहे खरं, पण ते मार्गदर्शक तत्त्वांत. मार्गदर्शक तत्त्व दाखवून थेट हक्क मागता येत नाही. पुढची वीस वर्षं हे दार असं बंद राहिलं.

गाडी तीच, चालक वेगळा

ते उघडलं दिल्ली पोलीस दलातल्या एका चालक-शिपायामुळे. ‘रणधीर सिंह विरुद्ध भारत सरकार’ या खटल्याचा निकाल २२ फेब्रुवारी १९८२ रोजी लागला. त्यात तुलना इतकी सोपी होती, की तिच्यावर पांघरूण घालणं अवघड गेलं असतं.

तिसऱ्या वेतन आयोगानंतर दिल्ली पोलिसांतल्या चालक-शिपायाला, तो मॅट्रिक नसेल तर २१०-२७० आणि मॅट्रिक असेल तर २२५-३०८ ही श्रेणी होती. रेल्वे सुरक्षा दलाच्या चालकाला २६०-४००, तर अग्निशमन आणि दीपगृह खात्यातल्या चालकांना ३३०-४८०. तफावत आली होती ती वर्गीकरणातून. पोलीस चालकाची गणना चालकांत न होता शिपायांत झाली होती. आयोगाने शिपायांचा विचार शिपाई म्हणून केला, आणि त्यांतले काही जण दिवसभर अवजड गाड्या हाकतात हे त्या हिशेबात आलंच नाही.

सरकारने उत्तर दिलं, की खाती वेगळी आहेत. न्यायमूर्ती ओ. चिन्नप्पा रेड्डी यांच्या पीठाला ते पटलं नाही. पदं, जबाबदाऱ्या आणि अधिकार खरोखर वेगळे असतील तर वेतन वेगळं असू शकतं, हे त्यांनी मान्य केलं. पण केवळ खात्याची पाटी वेगळी म्हणून पगार वेगळा हे चालणार नाही. पोलिसांतल्या चालकाचं काम उलट जास्तच जिकिरीचं आहे, असंही त्यांनी नोंदवलं. मग अनुच्छेद १४ आणि १६ हे उद्देशिका आणि अनुच्छेद ३९(घ) च्या उजेडात वाचून त्यांनी निष्कर्ष काढला: समान कामाला समान वेतन हा स्वतंत्र मूलभूत हक्क नसला तरी ते घटनेचं उद्दिष्ट आहे, आणि एकाच मालकाने विनाकारण केलेल्या भेदाविरुद्ध ते वापरता येतं.

आदेशही तितकाच मापात होता. चालकाचा पगार किती असावा हे न्यायालयाने स्वतः ठरवलं नाही. सरकारने आधीच ठरवलेली, रेल्वे सुरक्षा दलाच्या चालकाची श्रेणी घेतली आणि किमान तेवढी द्या, १ जानेवारी १९७३ पासून द्या, असं सांगितलं. ‘किती’चं उत्तर सरकारच्याच कागदात होतं, न्यायालयाने फक्त ‘का नाही’ विचारलं.

एकतीस मार्चची रेघ

त्याच वर्षी, १७ डिसेंबरला, दुसरा निकाल आला. तो दिवस निवृत्तांच्या संघटना आजही पेन्शनर्स दिन म्हणून पाळतात. केंद्राने १९७९ मध्ये निवृत्तिवेतनाचं सूत्र सुधारलं होतं. आधी शेवटच्या ३६ महिन्यांच्या सरासरीवर निवृत्तिवेतन निघायचं, आता १० महिन्यांच्या सरासरीवर निघणार होतं, म्हणजे बहुतेकांचं वाढणार होतं. अट एकच होती: ३१ मार्च १९७९ रोजी सेवेत असायला हवं. त्याआधी निवृत्त झालेला जुन्या सूत्रावर, नंतर निवृत्त होणारा नव्यावर.

संरक्षण मंत्रालयातून वित्तीय सल्लागार म्हणून निवृत्त झालेले डी. एस. नकारा, आणखी एक निवृत्त अधिकारी आणि ‘कॉमन कॉज’ ही संस्था न्यायालयात गेली. सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांच्या पाच जणांच्या घटनापीठापुढे सुनावणी झाली आणि निकाल न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी लिहिला. निवृत्तिवेतन ही मालकाची मेहेरबानी नसून केलेल्या सेवेचा मोबदला आहे, हे सूत्र १९७१ मध्येच ठरलं होतं. त्यावर उभं राहून पीठाने विचारलं, की एकाच वर्गातल्या निवृत्तांना दोन भागांत तोडणाऱ्या या तारखेमागे कारण काय? सरकारला ते देता आलं नाही. न्यायालयाने योजना रद्द केली नाही. तिच्यातली तारखेची अटच तेवढी गाळली. जुन्यांनाही नवं सूत्र मिळालं, पण मागची थकबाकी नाही.

पुढे प्रत्येक तारखेवर हाच हल्ला होऊ लागला आणि न्यायालयाने नकारा निकालाला कुंपण घातलं. नवा लाभ सुरू करायचा तर कुठली तरी तारीख लागणारच, आणि नवी योजना म्हणजे जुन्या योजनेतली सुधारणा नव्हे, असा फरक केला गेला. २०२२ मध्ये माजी सैनिकांच्या ‘समान हुद्दा, समान निवृत्तिवेतन’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सरकारचं धोरण कायम ठेवलं. तो निकाल न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड यांनी लिहिला. चाळीस वर्षांपूर्वी ज्या घटनापीठाचं अध्यक्षपद वडिलांकडे होतं, त्याच्या निकालाची मर्यादा मुलाने आखून दिली.

काम समान म्हणजे काय?

रणधीर सिंह निकालानंतर वाटलं होतं की आता रान मोकळं झालं. तसं झालं नाही. चालकाचं काम डोळ्यांनी दिसतं, टंकलेखन करणाऱ्या दोन माणसांच्या कामातला फरक दिसत नाही. सीमाशुल्क आणि केंद्रीय अबकारी खात्यातल्या लघुलेखकांनी केंद्रीय सचिवालयातल्या लघुलेखकांएवढी श्रेणी मागितली. दोघेही श्रुतलेखन घेतात, दोघेही टंकतात. १९८८ मध्ये न्यायालयाने मागणी नाकारली. हालचाल तीच असली तरी विश्वासार्हता, गोपनीयता आणि जबाबदारी यांचा कस वेगळा असू शकतो, आणि तो जोखणं प्रशासनाचं काम आहे, असं कारण दिलं. त्याच वर्षी अलाहाबाद उच्च न्यायालयातल्या पीठ-सचिवांच्या खटल्यात न्यायालय आणखी पुढे गेलं. एकाच पदावर, एकच काम करणाऱ्यांच्या दोन श्रेणी असू शकतात, अनुभव आणि गुणवत्ता पाहून वरची श्रेणी देत असतील तर त्यात गैर काही नाही, आणि कामाचं मूल्यमापन वेतन आयोगासारख्या तज्ज्ञ मंडळावर सोडावं.

त्याच काळात कर्मचारी जिंकलेही. १९८५ मध्ये शस्त्रास्त्र कारखान्यांतल्या वरिष्ठ आरेखकांचे दोन तुकडे करून काहींना वरची, काहींना खालची श्रेणी दिली होती. दोघांच्या कामात, पात्रतेत, जबाबदारीत कसलाही फरक सरकार दाखवू शकलं नाही. न्यायालयाने खालच्यांना वरच्यांची श्रेणी दिली. आरेखकांपुढे एकच पद फोडलं गेलं होतं, लघुलेखकांना दोन पदं एक करून हवी होती. पहिल्यात कारण सरकारला द्यावं लागतं, दुसऱ्यात पुरावा कर्मचाऱ्याला.

तो पुरावा काय असतो? अनुभवी वकील अर्जाला एक तक्ता जोडतो. एका बाजूला आपलं पद, दुसऱ्या बाजूला तुलनेचं. शैक्षणिक पात्रता, भरतीची पद्धत, सेवाप्रवेश नियम, कर्तव्यसूची, कोणाला जबाबदार, हाताखाली किती माणसं, पुढची बढती कुठे. एका रकान्यात जरी ठळक फरक निघाला तरी सरकारी वकील त्यावर बोट ठेवतो. म्हणून अशा खटल्यांत सगळ्यात मोलाचा कागद बहुतेकदा सरकारचाच असतो: जुना शासन निर्णय, ज्यात दोन्ही पदं एकाच श्रेणीत होती, किंवा समितीचा अहवाल, ज्यात विभागानेच ‘दोन्ही पदे समकक्ष’ असा अभिप्राय दिलेला असतो. काल समकक्ष होती ती पदं आज का नाहीत, या प्रश्नाला उत्तर देणं कठीण जातं.

न्यायालयाच्या सावधपणाला आणखी एक कारण आहे. १९९७ मधल्या ‘भारत सरकार विरुद्ध पी. व्ही. हरिहरन’ या निकालात सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधिकरणांना स्पष्ट समज दिली. एका पदाची श्रेणी बदलली की तिच्या बरोबरीचे, वरचे आणि खालचे सगळेच आपापली मागणी घेऊन येतात. शिडीची एक पायरी उचलली की दोन्ही बाजूंची अंतरं बिघडतात. ज्याच्या समोर एकाच पदाची फाईल आहे त्याला पूर्ण शिडी दिसत नाही. उघड भेदभाव दिसल्याशिवाय हात घालू नका, असा त्याचा अर्थ.

मॅट, कॅट आणि उशिराची किंमत

केंद्र सरकारचा कर्मचारी वेतनाची तक्रार घेऊन केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘कॅट’मध्ये जातो. महाराष्ट्र शासनाचा कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘मॅट’मध्ये, ज्याची पीठं मुंबई, नागपूर आणि औरंगाबादला (आता छत्रपती संभाजीनगर) आहेत. दोन्हींची मुळं १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यात आहेत. १९९७ च्या ‘एल. चंद्रकुमार’ निकालानंतर न्यायाधिकरणाच्या निर्णयावर उच्च न्यायालयात दाद मागता येते. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि अनुदानित शाळांतले शिक्षक मात्र श्रेणीच्या तक्रारी घेऊन साधारणपणे थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करतात.

उशीर हा इथला मोठा शत्रू. चुकीची वेतननिश्चिती झाली तर दर महिन्याला चुकीचा पगार निघतो, म्हणून ती सतत घडत राहणारी चूक आहे आणि माणूस सेवेत असेपर्यंत केव्हाही तक्रार करू शकतो, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये मानलं. पण हक्क जिवंत राहिला तरी मागची थकबाकी जिवंत राहत नाही. ‘तरसेम सिंह’ खटल्यातला सैनिक १९८३ मध्ये अपंगत्वामुळे लष्करातून बाहेर पडला आणि १९९९ मध्ये न्यायालयात गेला. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निवृत्तिवेतनाचा हक्क मान्य केला, थकबाकी मात्र याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच. ‘निवृत्त झाल्यावर बघू’ म्हणणाऱ्यांची बरीचशी थकबाकी या तीन वर्षांच्या नियमात बुडते.

एका दिवसाची वेतनवाढ

सहाव्या आयोगाने सगळ्यांच्या वार्षिक वेतनवाढीसाठी १ जुलै ही एकच तारीख ठरवली. हिशेब सोपा झाला, पण ३० जूनला निवृत्त होणाऱ्यांची पंचाईत झाली. वर्षभर काम केलं, वेतनवाढ कमावली, ती मिळायची १ जुलैला, आणि १ जुलैला तो नोकरीत नाही. शेवटची वेतनवाढ गेली म्हणजे त्यावरचं निवृत्तिवेतनही आयुष्यभर कमी.

सरकारची भूमिका नियमाच्या अक्षराला धरून होती: वेतनवाढ देय होते त्या दिवशी तुम्ही कर्मचारी नव्हता. मद्रास उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये वेगळं म्हटलं. वेतनवाढ ही सरलेल्या वर्षातल्या सेवेबद्दल असते आणि ते वर्ष पूर्ण झालं आहे. अनेक वर्षं वेगवेगळ्या उच्च न्यायालयांनी परस्परविरोधी निकाल दिले. शेवटी ११ एप्रिल २०२३ रोजी कर्नाटकातल्या वीज पारेषण महामंडळाच्या कर्मचाऱ्यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कर्मचाऱ्यांची बाजू घेतली. २०२५ च्या फेब्रुवारीत पुढचा खुलासाही केला, की जे स्वतः न्यायालयात गेले नव्हते त्यांना वाढीव निवृत्तिवेतन १ मे २०२३ पासून मिळेल, मागचं नाही. इथेही न्यायालयाने दर ठरवला नाही. सरकारनेच ठरवलेली वाढ होती, ती अडवण्याचं कारण एवढंच तपासलं.

दिलेले पैसे परत मागणं

काही वेळा चूक उलट्या बाजूने होते. कार्यालय एखादी वेतनवाढ चुकून आधी देतं, आश्वासित प्रगती योजनेचा लाभ चुकीच्या तारखेपासून लावतं, आणि पंधरा वर्षांनी सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे गेलं की लाल शाईत आक्षेप येतो: अतिप्रदान झाले, वसुली करावी. माणूस निवृत्तीच्या उंबरठ्यावर असतो आणि काही लाखांची वसुली थेट उपदानातून, म्हणजे ग्रॅच्युइटीतून, मांडली जाते.

या प्रश्नावरचा ‘रफीक मसीह’ निकाल (१८ डिसेंबर २०१४) आज आस्थापना शाखेतल्या प्रत्येकाला तोंडपाठ असतो. सर्वोच्च न्यायालयाने वसुली कुठे करू नये हे सांगितलं: तृतीय आणि चतुर्थ श्रेणी कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, पाच वर्षांहून अधिक काळ जादा दिल्या गेलेल्या रकमेची, आणि चुकून वरच्या पदाचं काम करवून घेतलं असेल तर त्या पदाच्या पगाराची. शिवाय वसुली फार जाचक ठरेल अशा इतर प्रसंगीही. चुकीची श्रेणी पुढे दुरुस्त करायला हरकत नाही, पण खर्च झालेले पैसे गरिबाकडून ओरबाडू नका, हा त्याचा मथितार्थ.

त्यात एक फट राहिली. सुधारित श्रेणी स्वीकारताना कर्मचाऱ्याकडून हमीपत्र घेतलं जातं, की जादा रक्कम दिल्याचं आढळल्यास ती परत करीन. २०१६ मध्ये हरियाणातल्या एका न्यायिक अधिकाऱ्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने असं हमीपत्र बंधनकारक मानलं आणि दोन वर्षांत हप्त्यांनी वसुलीची मुभा दिली. तेव्हापासून वसुलीच्या खटल्यांत दोन्ही बाजू आधी हमीपत्र शोधतात.

नियमित आणि बाकीचे

एकाच फळ्यापुढे शिकवणाऱ्या दोन शिक्षकांत आज सगळ्यात मोठा फरक आहे तो नियमित आणि कंत्राटी असा. १९९६ मध्ये हरियाणाच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने रोजंदारीवरच्या माणसाची नियमित कर्मचाऱ्याशी तुलनाच अमान्य केली होती. त्याची भरती, पात्रता, शिस्त वेगळी, असं कारण होतं. पुढच्या वीस वर्षांत परस्परविरोधी निकालांचा ढीग साचला. तो उपसण्याचं काम २६ ऑक्टोबर २०१६ च्या ‘पंजाब विरुद्ध जगजीत सिंह’ या निकालाने केलं. न्यायमूर्ती जे. एस. खेहर आणि नागपूरचे न्यायमूर्ती शरद बोबडे यांच्या पीठाने आधीचे निकाल एकेक तपासले आणि ठरवलं, की नियमित पदाचंच काम करणाऱ्या तात्पुरत्या कर्मचाऱ्याला त्या श्रेणीचं किमान वेतन मिळालंच पाहिजे. कमी पैशांत तो राबायला तयार होतो ते पोटासाठी, ती त्याची खुशी समजू नये, असं पीठाचं म्हणणं होतं. समान काम सिद्ध करण्याचं ओझं मात्र कर्मचाऱ्यावरच ठेवलं.

तरी तीन वर्षांत बिहारचे सुमारे साडेतीन लाख ‘नियोजित’ शिक्षक हरले. पाटणा उच्च न्यायालयाने त्यांना समान वेतन दिलं होतं. मे २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. त्या पीठात न्यायमूर्ती अभय सप्रे यांच्यासह पुढे सरन्यायाधीश झालेले उदय लळित होते. कारण असं, की जुन्या नियमित शिक्षकांचा संवर्ग भरतीसाठी बंद झाला होता आणि निवृत्तीबरोबर संपत चालला होता, आणि नव्यांची भरती पंचायतींमार्फत वेगळ्या नियमांनी झाली होती. राज्याच्या तिजोरीवरचा भारही डोळ्यांपुढे होता. शिक्षक एकाच शाळेत एकच पुस्तक शिकवत होते, पण ते कसे नेमले गेले यात न्यायालयाला कारण सापडलं.

ऑगस्ट २०२५ मध्ये गुजरातमधल्या सरकारी अभियांत्रिकी संस्थांच्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना मात्र सर्वोच्च न्यायालयाने किमान श्रेणी दिली. नियमितांचा पगार लाखाच्या वर असताना हे लोक तीस हजारांवर वर्षानुवर्षं तेच वर्ग घेत होते. महाराष्ट्रातही शिक्षण सेवकांना पहिली तीन वर्षं मानधनावर काढावी लागतात. प्राथमिक शिक्षण सेवकाचं मानधन २०२३ मध्ये दरमहा ६,००० वरून १६,००० झालं. नियमित प्राथमिक शिक्षकाची श्रेणी २९,२०० पासून सुरू होते.

तुलनेच्या बाहेरचे

दुसरा माणूस दाखवा, फरकाचं कारण मागा, कारण नसेल तर सरकारनेच ठरवलेली श्रेणी मिळवा, हा मार्ग आता पुरेसा मळलेला आहे. त्यामुळे आठव्या आयोगाने किंवा उद्याच्या राज्य समितीने दोन पदांत अंतर ठेवताना त्याचं कारण अहवालात दोन ओळींत लिहिलं, तर पुढचे शेकडो अर्ज वाचतील. सरकार न्यायालयात बहुधा हरतं ते पगार कमी दिला म्हणून नाही, तर कमी का दिला हे फाईलमध्ये कुठेच लिहिलेलं नसतं म्हणून.

पण या मार्गाला एक आंधळा कोपरा आहे. ज्यांच्या शेजारी नियमित श्रेणीचं टेबलच नाही त्यांनी कोणाकडे बोट दाखवायचं? अंगणवाडी सेविका आणि आशा कार्यकर्त्या सगळ्याच मानधनावर आहेत. त्यांच्यात भेद नाही, म्हणून भेदभावही सिद्ध होत नाही. २०२२ मध्ये गुजरातच्या दाहोद जिल्ह्यातल्या अंगणवाडी सेविकांना सर्वोच्च न्यायालयात उपदान मिळालं, ते तुलनेतून नाही. न्यायमूर्ती अभय ओक आणि अजय रस्तोगी यांनी उपदान कायदा उघडला, मानधन म्हणजे त्या कायद्यातलं वेतनच, असं म्हटलं, आणि हक्क तिथून निघाला. पुढे पगाराचा प्रश्न उरतोच, आणि त्यासाठी त्या दरवर्षी आझाद मैदानात येतात. सगळ्यांनाच सारखं कमी देणाऱ्या सरकारला ‘का?’ विचारून न्यायालय अडचणीत आणू शकत नाही. तिथे ‘किती?’ हाच प्रश्न आहे, आणि त्याचं उत्तर देण्याचा अधिकार आणि जबाबदारी विधिमंडळाची आहे.